छायालेखक केशवराव धायबर आणि चित्रपटाचे कर्तृत्व

चित्रपटाचा इतिहास लिहिताना साहित्येतिहासाची एक सवय आपण नकळत सोबत नेतो. कादंबरीला एक लेखक असतो. तसा चित्रपटालाही एकच कर्ता असला पाहिजे, असे गृहीत धरून आपण त्या जागी दिग्दर्शकाचे नाव लिहितो. या गृहीतामुळे मराठी बोलपटाच्या आरंभकाळातील एक महत्त्वाचा कलावंत, छायालेखक केशवराव धायबर, श्रेयनामावलीतील एका ओळीपुरता उरला. त्यांच्या कारकिर्दीकडे पाहिले, तर कर्तृत्वाचा हा प्रश्न नव्याने मांडावा लागतो.

धायबर घडले ते कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत, बाबूराव पेंटर यांच्या छायेत. बाबूराव मुळात चित्रकार. त्यांनी चित्रणयंत्र घरी तयार केले आणि 1923 च्या 'सिंहगड'मध्ये कृत्रिम प्रकाशाचा वापर करून रात्रीची दृश्ये चित्रित केली. चित्रचौकट ही रंगवलेल्या चित्रासारखी रचायची असते, हा त्या शाळेचा पहिला धडा होता. 1929 साली धायबर, व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले आणि एस. फत्तेलाल यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह 'प्रभात'ची स्थापना केली. त्या भागीदारीत शांताराम दिग्दर्शन, दामले ध्वनी, फत्तेलाल कलादिग्दर्शन आणि धायबर छायालेखन पाहू लागले. ही विभागणी मात्र काटेकोर नव्हती. 1930 मधील 'खुनी खंजर' आणि 'रानीसाहेबा' या मूकपटांचे दिग्दर्शन शांताराम व धायबर यांनी मिळून केले होते.

1932 च्या 'अयोध्येचा राजा'बरोबर प्रभात बोलू लागली आणि छायालेखकापुढे नवीनच अडचण उभी राहिली. मूकपटाच्या काळात मोकळेपणी फिरणारा कॅमेरा ध्वनिमुद्रणाच्या आरंभकाळात एका जागी खिळला. यंत्राचा आवाज ध्वनिग्राहकापर्यंत पोचू द्यायचा नाही आणि नटांनीही त्या ध्वनिग्राहकापासून दूर जायचे नाही, अशी ती अवस्था होती. अशा वेळी दृश्याला चैतन्य आणण्याचा भार प्रकाशयोजनेवर आणि चौकटीच्या रचनेवर पडतो. 'माया मच्छिंद्र' (1932) आणि 'सिंहगड' (1933) हे बोलपटही धायबरांनीच चित्रित केले. यांपैकी दुसरा हरि नारायण आपटे यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या कादंबरीवर आधारलेला होता. हरिभाऊंनी शब्दांत उभा केलेला काळोख आणि गड आता प्रकाश-छायेत उभा करायचा होता.

पुण्याच्या नव्या स्टुडिओत तयार झालेल्या 'अमृतमंथन'मध्ये (1934) या कामाचा कळस दिसतो. नारायण हरि आपटे यांच्या 'भाग्यश्री' कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात बळीची प्रथा बंद करू पाहणारा राजा आणि तिचा अभिमानी राजगुरू यांचा संघर्ष आहे. राजगुरूची भूमिका मराठीत केशवराव दाते यांनी, हिंदीत चंद्रमोहन यांनी केली. दूरवेधी भिंगातून टिपलेला, पडदा व्यापणारा राजगुरूचा एकच डोळा प्रेक्षकांच्या कायम स्मरणात राहिला. कादंबरीकाराला धर्मांधतेचे वर्णन करण्यास परिच्छेद लागतात. येथे ते काम एका प्रतिमेने केले. ती प्रतिमा कोणाची? भिंग जर्मनीहून आणणाऱ्या शांतारामांची, डोळा देणाऱ्या नटाची, की तो प्रकाशात बांधणाऱ्या छायालेखकाची? यांपैकी एकालाच तिचे श्रेय देणे म्हणजे चित्रपटकलेचे स्वरूपच नाकारणे होय.

1936 हे वर्ष या दृष्टीने उद्बोधक आहे. त्या वर्षी दामले आणि फत्तेलाल या तंत्रज्ञांनी 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला आणि पुढील वर्षी व्हेनिस महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्याच वर्षी धायबरांनी प्रभातसाठी नलिनी तर्खड यांना घेऊन 'राजपूत रमणी' दिग्दर्शित केला. त्याला तशी प्रतिष्ठा लाभली नाही. पुढे ते प्रभातमधून बाहेर पडले आणि 'नंदकुमार' हा कृष्णकथेवरील बोलपट त्यांनी केला. 1938 साली त्याची तमिळ आवृत्तीही निघाली. दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव मागे पडले, आणि दिग्दर्शनालाच कर्तृत्वाचे एकमेव माप मानल्यामुळे त्यांचे छायालेखनही त्याबरोबर मागे पडले.

छायालेखकाने दिग्दर्शनाकडे वळणे ही काही अपवादात्मक घटना नाही. जर्मनीत 'मेट्रोपोलिस'च्या छायालेखकांपैकी एक असलेल्या कार्ल फ्रॉइंड यांनी 1932 साली हॉलिवुडमध्ये 'द ममी' दिग्दर्शित केला. आपल्याकडे राधू कर्मकार यांनी 1960 साली 'जिस देश में गंगा बहती है' दिग्दर्शित केला. परंतु या कलावंतांचे मोल त्यांनी किती चित्रपट दिग्दर्शित केले यावरून ठरवणे योग्य नव्हे. कादंबरीचे चित्रपटात रूपांतर होते तेव्हा शब्दाचा प्रकाशात अनुवाद करणारा पहिला अनुवादक छायालेखक असतो. अनुवादकाचे नाव ग्रंथाच्या मुखपृष्ठावर असावे, हा आग्रह साहित्यात आपण धरतो. चित्रपटाच्या अभ्यासातही तोच न्याय लावला, तर 'अमृतमंथन'च्या कर्त्यांमध्ये धायबरांचे नाव घ्यावेच लागेल.