प्रवासाचा व्यापार आणि आगाऊ दिलेला पैसा

हिवाळा जवळ आला की आमच्या समाजातील कित्येक घरांत मुंबईच्या तिकिटांची बोलणी सुरू होतात. नवगावचे जुने कबरस्थान, खंडाळे येथील एलियाहू हन्नाबीचे स्थान, अलिबाग, रेवदंडा, पनवेल, आणि जमल्यास भायखळ्याला कोणा आप्ताकडे दोन दिवस, असा बेत ठरतो. तिकिटाचे पैसे मात्र चार-सहा महिने आधीच भरलेले असतात. विमान उडालेले नाही, हॉटेलची खोली दृष्टीस पडलेली नाही, तरी मोबदला चुकता झालेला असतो. बाजारात वांगी घेताना आपण आधी दाबून पाहतो. प्रवास मात्र न पाहता विकत घेतो. हा एवढा मोठा व्यवहार निव्वळ विश्वासावर कसा चालू लागला, आणि तो विश्वास मोडला तर नुकसान कोणाच्या पदरात पडते, हे पाहण्यासाठी आम्ही या व्यापाराचा थोडा इतिहास येथे वाचकांपुढे ठेवीत आहोत.

व्यापाराचा विस्तार प्रथम ध्यानी घ्यावा. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेच्या हिशेबाप्रमाणे १९५० साली साऱ्या जगात परदेशी प्रवाशांची आगमने सुमारे अडीच कोटी होती. १९८० साली ती सुमारे २८ कोटी झाली आणि २०१९ साली १४६ कोटी. (वर्षातून दोनदा जाणारा दोनदा मोजला जातो, हे विसरू नये.) २०२० साली महामारीने हा आकडा ४० कोटींच्या आसपास आणून ठेवला, आणि २०२४ साली तो पुन्हा १४० कोटींवर आला. अवघ्या एका वर्षात तीन-चतुर्थांशाच्या आसपास आटणारा आणि चार वर्षांत पुन्हा भरणारा असा दुसरा व्यापार शोधूनही सापडणार नाही.

या व्यापाराच्या आरंभी थॉमस कुक या इंग्रज गृहस्थाचे नाव घेण्याचा प्रघात आहे. लाकडी सामान घडविणारा हा कारागीर बॅप्टिस्ट पंथाचा प्रचारक आणि दारूबंदीचा कट्टर पुरस्कर्ता होता. ५ जुलै १८४१ रोजी त्याने लेस्टरहून लाफबरोच्या दारूबंदी सभेसाठी सुमारे ५०० माणसे आगगाडीने नेली. दर माणशी एक शिलिंग. आगगाडीची सहल काढणारा तो काही पहिलाच नव्हे, आणि १८४६ साली त्याचे दिवाळेही निघाले. परंतु माणूस चिवट. १८५१ च्या लंडनच्या महाप्रदर्शनाला त्याने दीड लाखांवर लोक नेले, १८५५ साली पॅरिसला, १८६३ साली स्वित्झर्लंडला तो पोहोचला.

आमच्या मते कुकची खरी करामत आगगाडीत नसून कागदात होती. १८६८ साली त्याने हॉटेलांची कूपने काढली. प्रवाशाने लंडनमध्ये पैसे भरून कूपनांचा जुडगा घ्यावा, परदेशी हॉटेलात एकेक कूपन फाडून द्यावे, आणि हॉटेलवाल्याने मागाहून ते कुकच्या कचेरीत पाठवून पैसे वसूल करावेत, अशी ती योजना होती. पुढे १८७४ साली त्याने प्रवासी हुंडी चालू केली. ती दाखवून परक्या गावी तेथल्या चलनात रोख रक्कम घेता येई. प्रवाशाची भीती यामुळे मोठ्या प्रमाणात दूर झाली. भाषा येत नाही, नाणे ओळखीचे नाही, चोराचे भय आहे, अशा वेळी खिशातला छापील कागद हाच त्याचा सोबती झाला. पण याचबरोबर एक दुसरी गोष्ट घडली, आणि तिच्याकडे इतिहासकारांपेक्षा हिशेबनिसांचे लक्ष आधी गेले असावे. प्रवाशाने दिलेला पैसा आणि हॉटेलवाल्याच्या हाती पडणारा पैसा यांच्यामध्ये काही आठवडे, कधी काही महिने जात, आणि तेवढा काळ तो मधल्या माणसाच्या पेटीत राही. प्रवासाचा आधुनिक व्यापार या मधल्या अवधीवर उभा आहे.

आम्ही ज्या देशात राहतो त्या देशाच्या भूमीवर कुक १८६९ साली आला. सुएझचा कालवा त्याच वर्षाच्या नोव्हेंबरात खुला झाला. कुकची पहिली टोळी त्यापूर्वीच मिसर पाहून येथे पोहोचली होती. याफाला त्या काळी बंदर म्हणावे असे काही नव्हते. आगबोट खडकांच्या बाहेर नांगर टाकी आणि याफाचे नावाडी लाटांशी झुंजत प्रवाशांना होडीतून किनाऱ्यावर आणीत. पुढे यरुशलेमपर्यंत घोडी, खेचरे, तंबू, जेवणाचा वेगळा तंबू, आचारी, राखणदार, आणि या सर्वांचा कारभारी म्हणजे दुभाषा. इंग्रज प्रवाशाने एकच रक्कम कुकला भरलेली असे; हा सगळा लवाजमा मात्र स्थानिक माणसांच्या अंगमेहनतीवर चाले. २६ सप्टेंबर १८९२ रोजी याफा-यरुशलेम रेल्वे सुरू झाली आणि त्या वाटेवरच्या खेचरवाल्यांची गरज उरली नाही. त्यांनी आगाऊ काही घेतलेले नव्हते, म्हणून परत करण्याजोगे वा मागण्याजोगेही त्यांच्याजवळ काही नव्हते.

१८९८ च्या शरदात जर्मन सम्राट दुसरा विल्हेल्म यरुशलेमला आला. त्याच्या लवाजम्याच्या प्रवासाची व्यवस्था कुक कंपनीकडे होती. सम्राटाच्या स्वारीसाठी याफा वेशीलगतचा तट मोकळा करण्यात आला. त्याच खिंडारातून आजही मोटारी आत जातात. याच मुक्कामात २ नोव्हेंबरला थिओडोर हर्झल यांनी सम्राटाची भेट घेतली. थॉमसचा पुत्र जॉन मेसन कुक या प्रवासात जातीने हजर होता. तेथेच तो आजारी पडला आणि १८९९ च्या मार्चमध्ये वारला.

मुंबईत कुकची कचेरी १८८१ साली उघडली. तेथे लवकरच त्यांच्यापुढे असे काम आले, ज्यात या व्यापाराची कसोटी लागली. १८८६ साली हिंदुस्थान सरकारने हाजच्या यात्रेकरूंची ने-आण सुधारण्याचे काम कुक कंपनीकडे सोपविले. जहाजांत माणसे कोंबली जात, दलाल लुबाडीत, आणि गरीब यात्रेकरू केवळ जाण्याचे तिकीट काढून निघत, ते जेद्दाला निराधार होऊन पडत. कुकपाशी शिस्त होती, छापील तिकिटे होती, वेळापत्रक होते. पण ज्याच्यापाशी परतीचे पैसेच नाहीत, त्याला कूपनांचा जुडगा काय उपयोगाचा? १८९० च्या दशकाच्या पूर्वार्धात कंपनी या कामातून बाहेर पडली. परतीचे तिकीट सक्तीचे करावे की न करावे हा वाद त्यानंतर कित्येक दशके चालू होता. धनवंताच्या प्रवासाने घडविलेले साधन गरिबाच्या यात्रेला जसेच्या तसे लागू पडत नाही, हे या प्रकरणाने दाखविले. आमच्या वाचनात तरी कुकच्या गौरवग्रंथांना या प्रसंगावर फार थांबावेसे वाटत नाही.

१९१४ च्या ऑगस्टमध्ये महायुद्ध पेटले तेव्हा लाखाहून अधिक अमेरिकन प्रवासी युरोपात अडकले. बँकांनी दारे लावून घेतली. अशा वेळी अमेरिकन एक्सप्रेस कंपनीने आपले प्रवासी धनादेश, जे तिने १८९१ साली काढले होते, वटवून देणे चालू ठेवले, आणि तिचे नाव त्या एका महिन्यात जितके झाले तितके आधीच्या वीस वर्षांत झाले नव्हते. संकटात पैसे परत देणारा मध्यस्थ पुढे पिढ्यान्‌पिढ्या त्या पुण्याईवर जगतो. मात्र असे वागणे त्या काळी कोणत्याही कायद्याने बंधनकारक नव्हते.

पुढची पन्नास वर्षे थोडक्यात सांगतो. १९३६ साली फ्रान्समध्ये आणि १९३८ साली ब्रिटनमध्ये पगारी रजेचे कायदे झाले; कामगाराला प्रथमच हिंडावयास सवड मिळाली. १९५० साली व्लादिमिर राइट्झ याने ३२ पौंड १० शिलिंगांत विमान, मुक्काम आणि जेवण यांसह कॉर्सिका बेटाची सहल विकली. १९५८ साली बोइंग ७०७ आणि १९७० साली बोइंग ७४७ प्रवाशांना घेऊन उडू लागले, तिकिटे उतरली, आणि भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावर हॉटेलांच्या रांगा उठल्या.

स्वस्ताईची किंमत १९७४ साली कळली. १५ ऑगस्ट रोजी कोर्ट लाइन हा ब्रिटिश व्यवसायसमूह कोसळला. क्लार्कसन्स ही त्या काळची अतिशय मोठी सहल-कंपनी त्याच समूहात होती. हजारो प्रवासी परदेशात होते आणि त्याहून अधिकांनी पुढच्या सहलींचे पैसे भरले होते. दुसऱ्या वर्षी ब्रिटिश संसदेने कायदा करून विमान-प्रवाशांसाठी राखीव निधी उभारला. प्रत्येक सहलीच्या किमतीतून थोडी रक्कम त्यात जाऊ लागली. १९९० साली युरोपीय समुदायानेही एकत्रित सहलींच्या ग्राहकाला संरक्षण देणारा निर्देश काढला. कुकच्या पहिल्या सहलीपासून तब्बल १३४ वर्षांनी त्याच्या देशात मधल्या अवधीतल्या पैशाला कायद्याचे कुंपण पडले.

त्या कुंपणाची परीक्षा व्हावी ती कुकच्याच कंपनीकडून! २३ सप्टेंबर २०१९ रोजी, १७८ वर्षांच्या आयुष्यानंतर, कर्जाखाली दबलेली ब्रिटिश थॉमस कुक कंपनी बंद पडली. तिचे सुमारे सहा लाख ग्राहक त्या दिवशी घराबाहेर होते. त्यांपैकी दीड लाखांच्या आसपास ब्रिटिश होते आणि त्यांना सरकारने भाड्याची विमाने धाडून दोन आठवड्यांत घरी आणले. प्रवासी वाचला. परंतु ग्रीस, स्पेन, तुर्कस्तान येथील हॉटेलवाल्यांचे काय? त्यांना कंपनी उन्हाळ्याचे पैसे दोन-तीन महिने मागाहून देत असे. ऐन हंगामाची बिले तशीच राहिली. ट्युनिशियातील एका हॉटेलाने तर आदल्या शनिवारी पाहुण्यांनाच फाटकाआड अडवून पैसे मागितले. कायद्याने तिकीट घेणाऱ्याला राखले. चादरी बदलणाऱ्याला, बस हाकणाऱ्याला राखणारा निधी कोठेही नव्हता. मुंबईची थॉमस कुक कंपनी २०१२ सालीच वेगळ्या मालकीकडे गेली होती, म्हणून ती या पडझडीतून वाचली. कंपनीचा जुना दप्तरखाना लेस्टरशायरच्या अभिलेखागारात गेला, आणि उरलेले नाव ११० लाख पौंडांना विकले गेले.

सहा महिन्यांत महामारी आली. जागतिक प्रवास व पर्यटन परिषदेच्या अंदाजाप्रमाणे २०२० साली या व्यवसायातील ६ कोटी २० लाख रोजगार बुडाले. येथे, २०१२ च्या हवाई सेवा कायद्यान्वये रद्द उड्डाणाचे पैसे २१ दिवसांत परत मिळावयास हवेत. त्या वर्षी ती मुदत तात्पुरती ९० दिवसांवर नेली गेली. आमच्यापैकी काहींनी एका विमान कंपनीकडे मुंबईच्या तिकिटांचे पैसे मागितले तेव्हा हाती रोख रकमेऐवजी जमापत्र, म्हणजे आपण येथे ज्याला शोवार म्हणतो ते, पडले. ज्या वृद्धांना त्या वर्षीच बहिणीला भेटावयाचे होते त्यांनी तो कागद कोणत्या वर्षी वापरावा?

आज मधल्या माणसाची जागा मोठ्या प्रमाणावर संगणकाने घेतली आहे. बुकिंग आणि एक्सपीडिया १९९६ साली निघाल्या, एअरबीएनबी २००८ साली. कूपन गेले, मुखत्यारी मात्र तीच आहे, आणि छोट्या पाहुणघराच्या मालकाला आपलेच गिऱ्हाईक परत मिळविण्यासाठी दलाली द्यावी लागते. दुसरीकडे माणसांची दाटी इतकी, की व्हेनिसने २०२४ च्या एप्रिलपासून ठराविक दिवशी केवळ दिवसापुरत्या येणाऱ्यांवर ५ युरोंची पट्टी बसविली आणि बार्सिलोनाच्या महापौरांनी २०२८ पर्यंत पर्यटकांना भाड्याने दिल्या जाणाऱ्या सदनिकांचे परवाने संपविण्याचे जाहीर केले.

आमच्या देशात चिंता उलटी आहे. २०१९ साली इस्राएलला साडेपंचेचाळीस लाख पर्यटक आले होते. ऑक्टोबर २०२३ च्या हल्ल्यानंतर आणि युद्धानंतर, २०२४ साली ही संख्या दहा लाखांच्या खाली गेली. परवानाधारक वाटाडे दुसऱ्या कामांस लागले, जुन्या शहरातील दुकानांची फळी दुपारीच पडू लागली, आणि बेथलेहेमच्या हॉटेलांतून शुकशुकाट झाला. जून २०२५ मध्ये इराणशी युद्ध जुंपून आकाश बंद झाले तेव्हा लाखाहून अधिक इस्राएली परदेशी अडकले. कित्येकांना सायप्रसहून जहाजाने समुद्रमार्गे परतावे लागले. त्याच वर्षाच्या आरंभी क्नेसेटने हवाई सेवा कायद्यात आणीबाणीच्या काळासाठी विमान कंपन्यांना सवलती देणारी दुरुस्ती केली होती. त्यावाचून परदेशी विमाने येथे येणारच नाहीत, असे कंपन्यांचे म्हणणे होते, आणि त्यात तथ्य नाही असे आम्हांस म्हणवत नाही. तिकिटाचे मूळ पैसे परत देण्याची जबाबदारी मात्र कंपनीवरच राहिली. वाटाड्यांच्या बुडालेल्या दोन हंगामांविषयी त्या दुरुस्तीत एक शब्दही नाही.