ओलोफ मेलबर्ग

एरिक ओलोफ मेलबर्ग (जन्म: ३ सप्टेंबर १९७७) हे स्वीडनचे माजी व्यावसायिक फुटबॉलपटू व सध्याचे फुटबॉल प्रशिक्षक आहेत. मध्य बचावपटू म्हणून ते प्रामुख्याने ओळखले जातात; गरजेनुसार ते उजव्या बगलेवरील बचावपटू म्हणूनही खेळले. २००० ते २०१२ या काळात त्यांनी स्वीडनच्या राष्ट्रीय संघाकडून ११७ सामने खेळून ८ गोल केले. दोन विश्वचषक आणि चार युरोपीय अजिंक्यपद स्पर्धांत त्यांचा सहभाग होता. क्लब पातळीवर ते स्वीडन, स्पेन, इंग्लंड, इटली, ग्रीस आणि डेन्मार्क अशा सहा देशांत खेळले. त्यांतील सर्वांत दीर्घ कालखंड, म्हणजे २००१ ते २००८ ही सात वर्षे, इंग्लंडमधील ॲस्टन व्हिला या क्लबात गेला. २००३ साली त्यांना स्वीडनमधील वर्षातील सर्वोत्तम फुटबॉलपटूस दिला जाणारा 'गुल्डबोलेन' अर्थात सुवर्णचेंडू पुरस्कार मिळाला.

स्वीडिश उच्चारात त्यांच्या आडनावाचा शेवट 'बेरी' असा ऐकू येतो. तथापि भारतीय वृत्तपत्रांत इंग्रजी वळणाचे 'मेलबर्ग' हेच रूप रूढ आहे.

== पार्श्वभूमी ==

मेलबर्ग यांचे बालपण पश्चिम स्वीडनमधील गुलस्पोंग या छोट्या गावाच्या परिसरात गेले. तेथील स्थानिक क्लबात खेळाचे प्राथमिक धडे घेतल्यानंतर ते जवळच्याच देगेरफोर्स या क्लबात दाखल झाले. देगेरफोर्स हे पोलाद कारखान्याभोवती वाढलेले लहानसे नगर असले, तरी त्याच्या फुटबॉल क्लबाला जुनी परंपरा आहे.

मेलबर्ग ज्या पिढीत घडले, त्या पिढीच्या खेळावर १९७० च्या दशकातील एका बदलाची छाप होती. बॉब हॉटन आणि रॉय हॉजसन या दोन तरुण इंग्रज प्रशिक्षकांनी त्या दशकात अनुक्रमे मालमो आणि हाल्मस्टाड या स्वीडिश क्लबांची सूत्रे घेतली. तोवर बचावपटूने प्रतिस्पर्धी संघातील एका ठराविक खेळाडूचा सावलीसारखा पाठलाग करण्याची पद्धत प्रचलित होती. या दोघांनी त्याऐवजी प्रत्येक बचावपटूकडे मैदानाचा एक भाग सोपवला आणि चारही बचावपटूंनी एका रेषेत, एकमेकांच्या हालचाली पाहून पुढेमागे सरकावे, असा आग्रह धरला. या पद्धतीवर सुरुवातीला स्वीडनमध्ये बरीच टीका झाली. परंतु १९७९ साली मालमो संघ युरोपियन चषकाच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला आणि पद्धत देशात रुजली. शिस्तबद्ध बचाव हे पुढे स्वीडिश फुटबॉलचे वैशिष्ट्य मानले जाऊ लागले.

== क्लब कारकीर्द ==

=== स्वीडन ===

देगेरफोर्सकडून मेलबर्ग देशातील सर्वोच्च साखळी स्पर्धेत, म्हणजे 'अल्स्वेन्स्कान'मध्ये खेळू लागले. १९९७ च्या हंगामाअखेर हा संघ खालच्या श्रेणीत घसरला आणि मेलबर्ग स्टॉकहोममधील एआयके या क्लबात गेले.

एआयकेचा १९९८ चा हंगाम स्वीडिश फुटबॉलच्या इतिहासात वेगळा ठरला. स्टुअर्ट बॅक्स्टर यांच्या मार्गदर्शनाखाली या संघाने अजिंक्यपद मिळवले. मात्र त्या वर्षी साखळीतील चौदा संघांत सर्वांत कमी गोल एआयकेच्याच नावावर होते. २६ सामन्यांत संघाने केवळ २५ गोल केले. इतक्या अल्प गोलांवर विजेतेपद मिळू शकले, ते बचावफळीने प्रतिस्पर्ध्यांना त्याहूनही कमी संधी दिल्या म्हणून. एकवीस वर्षांचे मेलबर्ग या बचावफळीत होते. त्याच वर्षी परदेशी क्लबांचे त्यांच्याकडे लक्ष गेले.

=== रेसिंग सांतांदेर ===

१९९८ मध्येच ते स्पेनमधील रेसिंग सांतांदेर या क्लबात दाखल झाले. उत्तर स्पेनच्या किनाऱ्यावरील हा क्लब 'ला लीगा' या सर्वोच्च श्रेणीत खेळत असला, तरी त्याचे बळ मर्यादित होते. बलाढ्य संघांच्या आघाडीपटूंना आठवड्यामागून आठवडा तोंड देणे हा तेथील बचावपटूंचा नित्यक्रम होता. या काळातच मेलबर्ग यांना राष्ट्रीय संघात स्थान मिळाले. २००१ मध्ये सांतांदेरची दुसऱ्या श्रेणीत घसरण झाली आणि मेलबर्ग यांनी इंग्लंडची वाट धरली.

=== ॲस्टन व्हिला ===

२००१ च्या उन्हाळ्यात बर्मिंगहॅम शहरातील ॲस्टन व्हिला क्लबाने सुमारे ५० लाख पौंड देऊन मेलबर्ग यांना करारबद्ध केले. त्यांना चार क्रमांकाचा पोशाख मिळाला. पुढील सात वर्षांत जॉन ग्रेगरी, ग्रॅहम टेलर, डेव्हिड ओ'लिअरी आणि मार्टिन ओ'नील असे चार व्यवस्थापक झाले. परंतु बचावफळीतील मेलबर्ग यांचे स्थान बहुतांशी अबाधित राहिले. काही काळ ते संघाचे कर्णधारही होते.

या वर्षांत व्हिलाच्या कामगिरीत मोठे चढउतार झाले. २००२–०३ च्या हंगामात संघ प्रीमियर लीगमध्ये सोळाव्या स्थानी, म्हणजे घसरणीच्या उंबरठ्यावर होता. पुढच्याच हंगामात तो सहाव्या स्थानी पोहोचला. २००५–०६ मध्ये पुन्हा सोळावे स्थान आणि २००७–०८ मध्ये पुन्हा सहावे, असा हा आलेख होता. २००३–०४ मध्ये लीग चषकाच्या उपांत्य फेरीत बोल्टनकडून पराभव झाला. मेलबर्ग यांच्या काळात व्हिलाला देशांतर्गत एकही प्रमुख चषक जिंकता आला नाही.

१९ ऑगस्ट २००६ रोजी लंडनमधील एमिरेट्स स्टेडियमवर पहिला प्रीमियर लीग सामना आर्सेनल आणि व्हिला यांच्यात झाला. उत्तरार्धात कॉर्नरवर आलेला चेंडू मेलबर्ग यांनी डोक्याने गोलजाळ्यात धाडला. आर्सेनलच्या नव्या मैदानावरील अधिकृत सामन्यातील पहिला गोल अशा रीतीने पाहुण्या संघाच्या बचावपटूच्या नावावर नोंदला गेला. पुढे जिल्बेर्तो सिल्वा यांच्या गोलामुळे सामना १–१ असा बरोबरीत सुटला.

अखेरच्या हंगामात संघाच्या गरजेपोटी मेलबर्ग अनेकदा उजव्या बगलेवर खेळले. हंगाम संपल्यावर ते युव्हेंटस क्लबात जाणार हे जानेवारी २००८ मध्येच जाहीर झाले होते. करार संपत आलेल्या आणि दुसऱ्या क्लबाशी बोलणी पक्की केलेल्या खेळाडूविषयी समर्थकांच्या मनात कटुता येणे हे व्यावसायिक फुटबॉलमध्ये नवे नाही. मेलबर्ग यांच्या बाबतीत तसे घडले नाही. ११ मे २००८ रोजी लंडनमध्ये वेस्ट हॅमविरुद्ध त्यांचा निरोपाचा सामना होता. त्या दिवशी बर्मिंगहॅमहून आलेल्या व्हिलाच्या प्रत्येक समर्थकाला मेलबर्ग यांनी स्वखर्चाने क्लबाचा एकेक पोशाख भेट दिला. त्यावर पाठिंब्याबद्दल आभार मानणारे इंग्रजी वाक्य छापलेले होते आणि त्या वाक्यात 'फॉर' या शब्दाऐवजी त्यांच्या पोशाखाचा चार हा अंक योजलेला होता. सामना २–२ असा बरोबरीत संपला. इंग्लंडमधील त्यांच्या कारकिर्दीचा उल्लेख होताना आजही या प्रसंगाची हमखास आठवण काढली जाते.

=== युव्हेंटस आणि ऑलिंपियाकोस ===

युव्हेंटसमध्ये मेलबर्ग एकच हंगाम खेळले. २००८–०९ मध्ये हा संघ इटलीच्या 'सेरी आ' स्पर्धेत दुसऱ्या स्थानी राहिला. २००९ मध्ये ते ग्रीसमधील पिरेअस बंदराच्या ऑलिंपियाकोस क्लबात गेले. तेथे त्यांनी २०१०–११ आणि २०११–१२ अशी सलग दोन साखळी विजेतेपदे आणि २०१२ चा ग्रीक चषक मिळवला. या दोन्ही विजेत्या हंगामांत एर्नेस्तो वाल्वेर्दे हे संघाचे प्रशिक्षक होते.

=== अखेरची वर्षे ===

२०१२ मध्ये स्पेनमधील व्हियारेआल संघ अनपेक्षितपणे दुसऱ्या श्रेणीत घसरला. त्याच उन्हाळ्यात, वयाच्या पस्तिशीला टेकलेल्या मेलबर्ग यांनी या क्लबाशी करार केला. हंगामाच्या शेवटच्या दिवशी, जून २०१३ मध्ये, अल्मेरियाला १–० असे नमवून व्हियारेआलने पहिल्या श्रेणीत पुनरागमन केले. त्यानंतर एक हंगाम डेन्मार्कच्या एफसी कोपनहेगनकडून खेळून २०१४ मध्ये मेलबर्ग निवृत्त झाले.

== आंतरराष्ट्रीय कारकीर्द ==

=== २००० ते २००२ ===

मेलबर्ग यांनी २००० साली राष्ट्रीय संघात पदार्पण केले आणि त्याच वर्षीच्या युरो स्पर्धेत भाग घेतला. लार्स लागेरबेक आणि टॉमी सोडेरबेरी हे दोघे तेव्हा संघाचे संयुक्त प्रशिक्षक होते.

२००२ च्या विश्वचषकात स्वीडनचा समावेश अर्जेंटिना, इंग्लंड आणि नायजेरिया यांच्यासह अत्यंत कठीण गटात झाला. स्पर्धा सुरू होण्यापूर्वी सरावाच्या वेळी मेलबर्ग आणि फ्रेडी ल्युंगबर्ग यांच्यात झटापट झाली. तिची छायाचित्रे जगभर प्रसिद्ध झाल्याने संघातील एकोप्याविषयी शंका घेतल्या गेल्या. प्रत्यक्षात स्वीडनने नायजेरियाला हरवून आणि अन्य दोन सामने बरोबरीत सोडवून गटात पहिले स्थान पटकावले. अर्जेंटिनाला पहिल्याच फेरीत परतावे लागले. बाद फेरीत मात्र सेनेगलने अतिरिक्त वेळेतील सुवर्णगोलाच्या जोरावर स्वीडनला २–१ असे पराभूत केले.

=== युरो २००४ मधील पेनल्टी ===

२००४ च्या युरो स्पर्धेत स्वीडनची उपांत्यपूर्व लढत २६ जून रोजी पोर्तुगालमधील फारो-लोले येथे नेदरलँड्सशी झाली. अतिरिक्त वेळेसह १२० मिनिटांत एकही गोल झाला नाही. एवढ्या कालावधीत नेदरलँड्सच्या आघाडीला रोखून धरणाऱ्या बचावफळीत मेलबर्ग होते.

पेनल्टी शूटआऊटमध्ये स्वीडनचे झ्लाटान इब्राहिमोविच आणि नेदरलँड्सचे फिलिप कोकू यांचे फटके वाया गेले आणि पहिल्या पाच फेऱ्यांनंतर ४–४ अशी बरोबरी राहिली. सहावा फटका मारण्यासाठी मेलबर्ग पुढे आले. गोलरक्षक एडविन व्हान डर सार यांनी तो अडवला. त्यानंतर आर्यन रॉबेन यांनी गोल केला आणि नेदरलँड्सने ५–४ असा विजय मिळवला. पेनल्टी शूटआऊटमध्ये वारंवार हार पत्करलेल्या नेदरलँड्सचा मोठ्या स्पर्धेतील अशा पद्धतीचा हा पहिलाच विजय होता.

=== कर्णधारपद आणि २००६ ची शिस्तभंगाची कारवाई ===

२००६ च्या विश्वचषकात मेलबर्ग स्वीडनचे कर्णधार होते. त्रिनिदाद आणि टोबॅगोविरुद्ध गोलशून्य बरोबरी, पॅराग्वेवर १–० असा विजय आणि इंग्लंडशी २–२ अशी बरोबरी साधून स्वीडनने बाद फेरी गाठली. म्युनिक येथे यजमान जर्मनीने त्यांना २–० असे हरवले.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये लिश्टेनश्टाइनविरुद्धच्या पात्रता सामन्यापूर्वी मेलबर्ग, इब्राहिमोविच आणि क्रिस्तियान विल्हेल्मसोन हे रात्री ठरलेल्या वेळेत निवासस्थानी परतले नाहीत. लागेरबेक यांनी तिघांनाही घरी पाठवले. ही कारवाई अन्यायकारक असल्याची भूमिका घेऊन इब्राहिमोविच काही महिने राष्ट्रीय संघापासून दूर राहिले. मेलबर्ग आणि विल्हेल्मसोन हे मात्र लवकरच संघात परतले.

=== युरो २००८ आणि २०१२ ===

२००८ च्या युरो स्पर्धेत स्वीडनने गतविजेत्या ग्रीसला २–० असे नमवले. परंतु स्पेन आणि रशिया यांच्याविरुद्धच्या पराभवांमुळे संघ गटातच बाद झाला.

२०१२ च्या युरो स्पर्धेत १५ जून रोजी कीव येथे इंग्लंडविरुद्ध मेलबर्ग यांनी सामन्याचा रंगच पालटला. मध्यंतराला स्वीडन ०–१ असे पिछाडीवर होते. उत्तरार्धाच्या आरंभी मेलबर्ग यांनी मारलेला चेंडू इंग्लंडच्या ग्लेन जॉन्सन यांना लागून गोलरेषेपलीकडे गेला. अधिकृत नोंदीत तो स्वयंगोल ठरला. दहा मिनिटांनी मेलबर्ग यांनी हेडरवर गोल करून संघाला २–१ अशी आघाडी मिळवून दिली. ही आघाडी टिकली नाही. थिओ वॉलकॉट आणि डॅनी वेलबेक यांच्या गोलांमुळे इंग्लंडने ३–२ असा विजय मिळवला आणि स्वीडनचे आव्हान संपुष्टात आले. अखेरच्या गट सामन्यात स्वीडनने फ्रान्सला २–० असे हरवले. या स्पर्धेनंतर मेलबर्ग यांनी आंतरराष्ट्रीय फुटबॉलमधून निवृत्ती घेतली.

== खेळाची शैली ==

मेलबर्ग यांचे सामर्थ्य प्रामुख्याने हवेतील चेंडूवरील प्रभुत्व, अंगबळ आणि योग्य जागी उभे राहण्याची दृष्टी यांत होते. रेषाबद्ध बचावात एखाद्या खेळाडूने चुकीच्या क्षणी पाऊल मागे घेतले, तर प्रतिस्पर्धी ऑफसाइडमधून सुटतो आणि संपूर्ण रेषा निरुपयोगी ठरते. त्यामुळे बचावपटूचे बरेचसे काम चेंडू पायाशी नसताना, सहकाऱ्यांना हाका देऊन सावध करण्यात आणि धोका ओळखून आधीच जागा बदलण्यात असते. या कामाची आकडेवारीत फारशी नोंद होत नाही. चूक मात्र धावफलकावर ताबडतोब दिसते. सहा देशांतील भिन्न शैलीच्या संघांनी त्यांना सातत्याने अंतिम अकरांत घेतले, यातून त्यांची विश्वासार्हता दिसून येते.

== प्रशिक्षक म्हणून ==

मेलबर्ग यांनी २०१६ मध्ये स्टॉकहोममधील ब्रोम्मापोयकार्ना या क्लबाची सूत्रे हाती घेतली. हा क्लब प्रामुख्याने त्याच्या विस्तृत युवा विभागासाठी प्रसिद्ध आहे. तेव्हा तो तिसऱ्या श्रेणीत होता. २०१६ आणि २०१७ अशा लागोपाठ दोन हंगामांत बढती मिळवून संघ अल्स्वेन्स्कानमध्ये पोहोचला.

यानंतर डेन्मार्कमधील फ्रेमाद आमा क्लबात अल्पकाळ काम करून ते २०१९ मध्ये हेल्सिंगबोर्गचे प्रशिक्षक झाले. २०२० च्या हंगामाअखेर हा संघ दुसऱ्या श्रेणीत घसरला. पुढे ब्रोम्मापोयकार्नात परतल्यावर त्यांनी २०२२ मध्ये त्या संघाला पुन्हा सर्वोच्च श्रेणीत नेले. २०२५ च्या हंगामासाठी त्यांची अमेरिकेतील सेंट लुईस सिटी संघाच्या मुख्य प्रशिक्षकपदी नेमणूक झाली. मात्र अपेक्षित निकाल न लागल्याने त्याच वर्षी मे महिन्यात त्यांना पदमुक्त करण्यात आले.

== प्रमुख सन्मान ==

* एआयके: अल्स्वेन्स्कान विजेतेपद (१९९८)
* ऑलिंपियाकोस: ग्रीक साखळी विजेतेपद (२०१०–११, २०११–१२), ग्रीक चषक (२०१२)
* वैयक्तिक: गुल्डबोलेन (२००३)