समुद्रकिनाऱ्यावरील मूक माहितीपट

हवापालट, सहल वा स्नानासाठी समुद्रकाठी जमलेल्या लोकांची, कथानकाविना टिपलेली आरंभकाळातील चलच्चित्रे. मराठी मुलखात हा प्रवाह मुंबईत आला आणि त्यातूनच भारतीय वार्तापटाची वाट निघाली.

ल्यूमिएर बंधूंनी १८९५ मध्ये फ्रान्समधील ला सिओता येथे ‘समुद्रस्नान’ हा मिनिटभराचाही नसलेला पट घेतला. लाकडी फळीवरून मुले धावत येतात, पाण्यात उड्या टाकतात, लाटांतून धडपडत काठ गाठतात आणि पुन्हा फळीकडे वळतात. कॅमेरा जागचा हलत नाही. सारी गंमत लाटा आणि मुले यांच्या हालचालीत आहे.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झालेल्या भारतातील पहिल्या चित्रपट-प्रदर्शनातील सहा पटांत ‘समुद्रस्नान’ही होता. तिकीट एक रुपया होते. खेळ आणणारे मारियस सेस्तिए पुढे ऑस्ट्रेलियाला गेले आणि त्याच वर्षी सिडनीजवळच्या मॅनली या किनारी विहारस्थळी बोटीतून उतरणारे सहलकरी त्यांनी टिपले.

मुंबईतील खेळ पाहून छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा (जन्म १८६८) यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये त्यांनी मलबार हिलवरील हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून रँग्लर (गणिताच्या परीक्षेत प्रथम श्रेणी मिळवणारा) होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांचा चौपाटीवरील सत्कार त्यांनी टिपला. तो भारतातील पहिला वार्तापट मानला जातो. युरोपीय पटांत किनारा विश्रांतीचा होता. सावेदादांच्या पटात तो लोकांनी आपल्या विद्वानाचा गौरव करण्याचा झाला. हे त्यांचे मोठे योगदान होय.

मूकपटांच्या काळाच्या अखेरीस फ्रेंच दिग्दर्शक झाँ व्हिगो यांच्या ‘नीसविषयी’ (१९३०) या पटाने या प्रकाराला समाजभान दिले. बोरिस कॉफमन यांच्या छायाचित्रणात किनाऱ्यावरील सधन प्रवाशांशेजारी नीस या फ्रेंच किनारी शहराच्या गरीब वस्त्याही दिसतात.

त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई, जपली नाही तर कुजून जाई. सावेदादांचे पट आज पाहायला मिळत नाहीत, ही मराठी संस्कृतीची मोठी हानी आहे. म्हणून जुन्या घरांत चौपाटीची वा कोकणकिनाऱ्याची रिळे सापडल्यास ती पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे (स्थापना १९६४) सोपवणे अगत्याचे आहे.