मद्य, श्रम आणि अप्पमाद : प्राचीन समाजांतील मद्यपान व पाचवे शील

विहारात किंवा घरी पंचशील ग्रहण करताना पहिल्या चार शीलांच्या मानाने पाचवे शील काहीसे सौम्य, केवळ व्यक्तिगत सवयीपुरते आहे, अशी अनेकांची समजूत असते. हिंसा, चोरी, व्यभिचार आणि असत्य यांनी दुसऱ्याची हानी होते हे उघड आहे. मद्य पिणारा स्वतःचीच हानी करतो, मग त्याला या चौघांच्या पंक्तीत का बसवावे, असा प्रश्न सुशिक्षित उपासकही विचारतात. या प्रश्नाचे उत्तर मिळण्यासाठी प्राचीन जगात मद्य कोणाच्या हाती होते, ते कोणाला व कशासाठी दिले जात होते, आणि कोणाला व कोणत्या कारणाने नाकारले जात होते, हे इतिहासातून पाहिले पाहिजे. प्रस्तुत लेखात तसा अल्प प्रयत्न आम्ही करीत आहोत.

धान्याबरोबर आलेले पेय

पिकलेली फळे, मध किंवा भिजलेले धान्य काही दिवस तसेच राहिले, की सूक्ष्म जीवांच्या क्रियेने त्यातील साखरेचे मद्यार्कात रूपांतर होते. ही क्रिया निसर्गात आपोआप घडते. कुंभ जातकातील कथेने हे मर्म नेमके पकडले आहे. काशी राष्ट्रातील सुर नावाच्या वनचराला एका झाडाच्या ढोलीत साठलेले पावसाचे पाणी दिसले. त्यात फळे व पाखरांच्या चोचीतून सुटलेले भाताचे दाणे पडून, उन्हाने तापून, ते पाणी आंबले होते. ते पिऊन पाखरे झिंगून पडत व काही वेळाने उडून जात. सुराने ते चाखले आणि वरुण नावाच्या तापसालाही पाजले. म्हणून त्या पेयाला सुरा व वारुणी ही नावे पडली, असे जातककार सांगतो. पुढे हे दोघे नगरामागून नगर नादी लावीत जातात. कथा म्हणून ती रचलेली असली, तरी मद्याच्या उत्पत्तीसाठी ती कोणत्याही देवाला वेठीस धरीत नाही, ही गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे.

पुरातत्त्वाचा पुरावाही याच दिशेचा आहे. चीनमधील जिआहू येथील सुमारे ९००० वर्षांपूर्वीच्या मडक्यांत तांदूळ, मध व फळे यांपासून केलेल्या आंबवलेल्या पेयाचे अंश आढळल्याचे २००४ मध्ये प्रसिद्ध झाले. जॉर्जियातील सुमारे ८००० वर्षांपूर्वीच्या मृत्पात्रांत द्राक्षमद्याचे अंश मिळाल्याचे २०१७ मध्ये जाहीर झाले. शेतीच्या आरंभापासून मद्य माणसाच्या सोबतीला आहे, हे यावरून मान्य करावे लागते.

मजुरीतील मद्य

प्रश्न उभा राहतो तो नगरे, मंदिरे आणि राजवाडे उभे राहिल्यानंतर. मेसोपोटेमियात धान्याची कोठारे मंदिरांच्या व राजाच्या ताब्यात गेली आणि श्रमिकांना जव व जवाची बिअर शिध्याच्या रूपाने मोजून मिळू लागली. सुमारे ५००० वर्षांपूर्वीच्या मातीच्या पाट्यांवर या वाटपाचे हिशेब कोरलेले आहेत. मानवी लेखनाच्या अगदी आरंभीच्या दप्तरांत बिअरच्या नोंदी आहेत, ही गोष्ट बोलकी आहे. ही बिअर दाट, पोषक आणि बहुधा सौम्य असे. ती अन्नाचाच एक भाग होती. त्या श्रमिकांना व्यसनी म्हणून हिणवणे अनैतिहासिक ठरेल. मात्र त्यांचे अन्न व पेय ज्याच्या कोठारातून येई, त्याच्याच इच्छेवर त्यांचे जीवन अवलंबून होते, हेही विसरता येणार नाही.

इजिप्तमध्ये हेच घडले. पिरॅमिड बांधणाऱ्या श्रमिकांचा शिधा मुख्यतः पाव व बिअर हा होता. अबायडॉस येथे सुमारे ५००० वर्षांपूर्वीचा बिअर गाळण्याचा एक विस्तीर्ण कारखाना आढळल्याची घोषणा २०२१ मध्ये झाली. तेथे एका वेळी सुमारे २२,४०० लिटर बिअर तयार होत असावी, असा संशोधकांचा अंदाज आहे. हे पेय मृत राजांच्या विधींसाठी वापरले जात असावे, असे ते मानतात.

बॅबिलोनचा राजा हम्मुराबी (इ.स.पू. १७९२ ते १७५०) याच्या विधिसंहितेत मद्यगृहांविषयी चार कलमे आहेत. मद्यगृह चालवणारी तेथे स्त्री आहे. तिने मोबदल्यात खोटे माप वापरले तर तिला पाण्यात टाकावे. तिच्या घरी कट करणारे जमले असता त्यांना धरून राजवाड्यात नेले नाही तर तिला ठार करावे. देवाला वाहिलेल्या विशिष्ट स्त्रियांपैकी कोणी मद्यगृह उघडले किंवा पिण्यासाठी तेथे गेली तर तिला जाळावे, असे नियम आहेत. चौथे कलम उधार दिलेल्या मद्याच्या परतफेडीचे आहे. येथे राज्याला चिंता आहे ती व्यापाराची, राजद्रोहाची आणि देवालयाच्या पावित्र्याची. पिणाऱ्याच्या मनाचे काय होते, हा प्रश्न या कायद्याच्या कक्षेत येतच नाही.

यज्ञ, कोश आणि वर्ण

भारतात वैदिक काळात सोम व सुरा अशी दोन पेये होती. सोम हा वनस्पती कुटून गाळलेला रस. ऋग्वेदाचे संपूर्ण नववे मंडल त्याला वाहिलेले आहे. सुरा हे धान्यापासून आंबवलेले मद्य. सौत्रामणी व वाजपेय या यज्ञांत सुरेलाही स्थान होते. मात्र शतपथ ब्राह्मणात वाजपेयाच्या प्रसंगी सोमाचा संबंध सत्याशी व प्रकाशाशी, तर सुरेचा अनृताशी व अंधाराशी जोडला आहे. अशा रीतीने पेयांतही उच्च-नीच भाव आला. आर्यांच्या समाजातील मद्यपानाची चर्चा बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी प्राचीन भारतातील क्रांती व प्रतिक्रांती या आपल्या अपूर्ण ग्रंथात केली असून, तो भाग महाराष्ट्र शासनाने १९८७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या तिसऱ्या खंडात वाचावयास मिळतो.

बुद्धोत्तर काळातील कौटिलीय अर्थशास्त्रात मद्य हे राज्याच्या कोशाचे साधन झालेले दिसते. त्याच्या दुसऱ्या अधिकरणात सुराध्यक्ष या अधिकाऱ्याचे स्वतंत्र प्रकरण आहे. मेदक, प्रसन्ना, आसव, अरिष्ट, मैरेय व मधु हे मद्याचे प्रकार, त्यांत घालावयाचे तांदूळ, पाणी व किण्व यांची मापे, शय्या व आसनांनी सज्ज असलेली पानगृहे आणि तेथे नेमावयाचे हेर, असा सर्व तपशील त्यात आहे. याच प्रकरणात एक नियम असा आहे, की खराब झालेले मद्य दासांना व कामकऱ्यांना वेतन म्हणून द्यावे, किंवा ओझ्याच्या जनावरांना पाजावे, अथवा डुकरांच्या पोषणासाठी वापरावे. दास, कामकरी, बैल आणि डुक्कर ही सर्व एका यादीत आहेत. राज्यव्यवस्थेच्या दृष्टीने श्रमिकाची किंमत काय होती, हे या एका नियमाने जितके स्पष्ट होते, तितके पानभर विवेचनानेही होणार नाही.

त्याच प्रकरणात मद्य सर्रास बाहेर नेऊ देऊ नये याची तीन कारणे दिली आहेत. कामावर नेमलेल्यांच्या हातून प्रमाद होईल, आर्य मर्यादा ओलांडतील आणि साहसी माणसे बेफाम होतील. येथील ‘प्रमाद’ हा शब्द वाचकांनी लक्षात ठेवावा. काम करणाऱ्याच्या प्रमादाने धन्याचे काम बिघडते, ही कौटिल्याची चिंता आहे.

मनुस्मृतीने सुरापानाला महापातकांत गणले आहे. म्हणून मनुस्मृती व धम्म यांचे येथे एकमत आहे, असे काही लोक म्हणतात. परंतु नियमाची भाषा पाहिली की भेद उघड होतो. सुरा हा अन्नाचा मळ आहे, म्हणून ब्राह्मण, क्षत्रिय व वैश्य यांनी ती पिऊ नये, असे तेथे सांगितले आहे. मद्याने ब्राह्मणाच्या देहातील वेद बुडाला तर त्याचे ब्राह्मण्य जाते व तो शूद्र होतो, हे त्यामागील भय आहे. या विधानात शूद्रत्व हीच शिक्षा आहे. चौथ्या वर्णाने प्यावे की पिऊ नये, त्याचे घर उद्ध्वस्त व्हावे की सावरावे, याची काळजी या नियमाने केलेली नाही.

तथागतांची भूमिका

आता पाचव्या शीलाकडे वळू. त्यात सुरा, मेरय व मज्ज यांचा उल्लेख आहे. विनयातील स्पष्टीकरणानुसार पीठ, भात इत्यादींपासून केलेली ती सुरा आणि फुले, फळे, मध, गूळ यांचे आसव ते मेरय होय. परंतु या शीलाचा प्राण ‘पमादट्ठान’ या पदात आहे. मद्य हे पमादाचे, म्हणजे बेसावधपणाचे, स्थान आहे म्हणून त्यापासून विरत व्हावयाचे. ते अपवित्र आहे, किंवा त्याने जात जाते, असे हे शील म्हणत नाही.

कौटिल्याचा ‘प्रमाद’ आणि तथागतांचा ‘पमाद’ हा एकच शब्द आहे. मात्र तो कोणाच्या हिताकडे पाहून वापरला आहे, यात सगळे अंतर आहे. तेथे धन्याचे काम बिघडू नये म्हणून कामकऱ्याने शुद्धीवर राहावयाचे. येथे माणसाने स्वतःच्या चित्ताचा स्वामी राहावे म्हणून. ज्याचे चित्त त्याच्या हाती नाही, तो उरलेली चार शीलेही पाळू शकत नाही. पाचवे शील इतर चारांच्या पंक्तीत का आहे, याचे उत्तर हेच होय.

भिक्षूंसाठी मद्यपानाचा नियम कसा झाला, ही कथा विनयात आहे. सागत थेरांनी आपल्या सामर्थ्याने एका भयंकर नागाला जिंकले होते. कौशांबीच्या उपासकांनी आदराने घरोघरी त्यांना मद्य दिले, आणि ते नगरद्वाराशी कोसळले. त्यांना उचलून आणून भगवंतांकडे डोके करून निजवले असता ते वळले व त्यांचे पाय भगवंतांकडे झाले. नागाला जिंकणारा हा भिक्षू आता पाण्यातल्या साध्या सापाशी तरी झुंजू शकेल काय, असे भगवंतांनी भिक्षूंना विचारले आणि मद्यपान हा पाचित्तिय दोष ठरवला. येथे हम्मुराबीचे पाणी नाही, अग्नी नाही, वर्णातून च्युती नाही. दोष कबूल करून पुन्हा सावध होण्याची वाट मोकळी आहे.

गृहस्थांसाठी सिगालोवाद सुत्तात मद्यपानाचे सहा अपाय सांगितले आहेत. धनाचा प्रत्यक्ष नाश, कलहाची वाढ, रोगांचा शिरकाव, अपकीर्ती, लज्जेचा लोप आणि प्रज्ञेची दुर्बलता हे ते सहा होत. यातील प्रत्येक अपाय याच जन्मी, डोळ्यांनी दिसणारा आहे. धम्मिक सुत्तात स्वतः न पिण्याबरोबर दुसऱ्यास न पाजणे व पिण्यास संमती न देणे हेही सांगितले आहे, आणि अंगुत्तर निकायात उपासकाने करू नयेत अशा पाच व्यापारांत मद्याचा व्यापार आहे. म्हणजे पिणाऱ्या दुबळ्या माणसाला तेवढा दोष देऊन विकणाऱ्याला मोकळे सोडणे धम्माला मान्य नाही.

हा नियम आंधळाही नव्हता. आजारी भिक्षूच्या औषधी तेलात मद्याचा रंग, वास व चव जाणवणार नाही इतके मद्य चालेल, अशी अनुज्ञा महावग्गात आहे. उलट परिनिर्वाणानंतर सुमारे १०० वर्षांनी वैशालीच्या दुसऱ्या संगीतीत ज्या दहा गोष्टींचा वाद झाला, त्यांत अजून पूर्ण न मुरलेले मद्य पिण्याची ‘जलोगी’ ही सवलतही होती. संगीतीने ती नाकारली. औषधाला वाव आणि पळवाटेला नकार, असा हा विवेक होता.

महाराष्ट्राच्या भूमीतही याचा पडताळा मिळतो. इ.स. पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवर्णनानुसार भडोच बंदरात इटलीचे मद्य उतरे व राजासाठी उंची मद्य, चांदीची भांडी आणि सुंदर मुली आणल्या जात; पैठण व तेर येथील माल त्याच बंदराकडे जाई. हा राजा नहपान होय, असे सामान्यतः मानले जाते. त्याच नहपानाचा जावई उषवदात याचा नाशिकच्या लेण्यातील लेख सांगतो, की त्याने गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणीकडे २००० कार्षापण कायम ठेव म्हणून दरमहा शेकडा एक व्याजाने ठेवले, आणि वर्षाच्या व्याजातून वर्षावासातील २० भिक्षूंना प्रत्येकी १२ कार्षापण चीवरासाठी मिळावयाचे होते. एकाच राजघराण्याच्या काळात धनाच्या या दोन वाटा होत्या. एक पेल्यात संपली. दुसरी विणकरांच्या मागावरून भिक्षूंच्या अंगावर वस्त्र होऊन पोचली.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरच्या दीक्षाभूमीवर बाबासाहेबांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांत दारू न पिण्याची प्रतिज्ञा आहे. ज्यांच्या पूर्वजांना नासलेले मद्य मजुरी म्हणून देण्याचे नियम झाले, त्यांनी स्वतःच्या मुखाने ‘मी पिणार नाही’ असे म्हणणे, याचा अर्थ आता ध्यानात यावा. ही सोवळ्याची प्रतिज्ञा नव्हे. म्हणून व्यसनात सापडलेल्या आपल्या बांधवाला अपवित्र मानून दूर लोटण्याचा अधिकार ती आपणांस देत नाही. सागत थेरांना संघाने उचलून आणले होते. आपल्या वस्तीतील पडलेल्या माणसालाही उचलावे, त्याच्या घरी त्याची मजुरी पोचेल असे पाहावे आणि आपले स्वतःचे चित्त सावध ठेवावे, हेच या शीलाचे आजचे आचरण होय, असे आम्हांस वाटते.