जावाची माणसे, सुमात्राची जमीन

इंडोनेशियात 17 हजारांच्या आसपास बेटे आहेत. तरी 2020च्या जनगणनेत देशातली 56 टक्के माणसे जावातच होती, आणि जावाच्या वाट्याला देशाची जमीन जेमतेम 7 टक्के. ज्वालामुखीच्या राखेने कसदार झालेल्या मातीत भात उदंड पिके, म्हणून वस्ती तिथे दाटत गेली.

या दाट बेटावरची कुटुंबे उचलून विरळ बेटावर बसवायची, हा सरकारी रिवाज तेव्हाच्या डच राज्यकर्त्यांचा. 1905 साली मध्य जावाच्या केडू भागातली 155 कुटुंबे त्यांनी सुमात्राच्या दक्षिण टोकाला, लांपुंगमधल्या गेडोंग तातानला नेली. तिथल्या पहिल्या गावाचे नाव ठेवले बागेलेन. हे नाव जावातलेच. माणसांबरोबर तेही समुद्र ओलांडून गेले.

सुरुवातीला प्रवास, घर, धान्य असा सगळा खर्च सरकार करी. तो परवडेना, तेव्हा 1930च्या दशकात जावातलीच एक जुनी चाल कामी आली. तिचे नाव बावोन. भात कापणाऱ्याला मजुरी म्हणून कापलेल्या पिकाचा वाटा द्यायचा. नवे लोक नेमके सुगीच्या तोंडावर आणायचे. ते आधी आलेल्यांच्या शेतात कापणी करत आणि मिळालेल्या भातावर जंगल तोडून स्वतःची जमीन तयार करेपर्यंत तग धरत. या सबंध योजनेत मला हीच गोष्ट खरी शहाणपणाची वाटते, कारण ती शेतकऱ्यांच्या व्यवहारातून आली होती.

स्वातंत्र्यानंतर, डिसेंबर 1950मध्ये, सरकारने तीच वाट 'ट्रान्समिग्रासी' या नावाने पुन्हा धरली, तीही लांपुंगपासूनच. राष्ट्राध्यक्ष सुहार्तोंच्या काळात जागतिक बँकेच्या कर्जामुळे तिला जोर आला. 1979 ते 1984 या पाच वर्षांसाठी 5 लाख कुटुंबांचे लक्ष्य ठरले. कागदावर मोकळी दिसणारी जमीन कालिमंतानमधले (बोर्निओचा इंडोनेशियाकडचा भाग) दायाक, पापुआतले पापुआन अशा मूळ लोकांची पिढीजात होती आणि त्यांना कोणी विचारले नाही. हा अन्यायच होता. शिवाय कालिमंतानच्या दलदलीत जावासारखे भात येईना. कित्येक कुटुंबे वसाहत सोडून निघून गेली.

जावावरचा भार यातून हलका झाला नाही. 1930मध्ये जावा आणि मदुरा मिळून सव्वाचार कोटींच्या आत लोक होते. आज एकट्या जावात 15 कोटींहून अधिक आहेत. लांपुंगमध्ये मात्र जावी लोक बहुसंख्य झाले आणि 1980च्या दशकात तिथल्याच डोंगराळ राखीव वनांतली हजारो कुटुंबे उठवून प्रांताच्या उत्तर भागात वसवावी लागली.