हर्राशीतल्या मुदती: चारठाणा परिसरातील कर्ज, लिलाव आणि कोर्ट

कर्जापोटी लिलावात गेलेल्या जमिनीचा वाद रकमेवरून सुरू होतो, पण त्याचा निकाल पुष्कळदा तारखेवर लागतो. जिंतूर तालुक्यातील चारठाणा, जुन्या मंदिरांचे हे गाव, १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते. त्यामुळे इथला सावकारी कर्जाचा आणि हर्राशीचा, म्हणजे लिलावाचा, कायदा पुणे-नगरकडच्या कायद्याहून वेगळ्या वाटेने वाढला.

इंग्रजी मुलखात मे १८७५ मध्ये सुपे इथून सावकारांविरुद्ध दंगे उसळले. रोखे, एकतर्फी हुकूमनामे आणि जप्ती यांवर शेतकऱ्यांचा राग होता. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. जमीन खास गहाण दिलेली नसेल, तर पैशाच्या हुकूमनाम्यापोटी ती विकता येणार नाही, असे त्याने ठरवले. संस्थानी हद्दीत हे संरक्षण नव्हते. हैदराबादेत सावकारीवर आणि शेतजमीन बिगरशेतकऱ्याच्या हाती जाण्यावर निर्बंध घालणारे कायदे फसली १३४९ मध्ये, म्हणजे १९३९-४० च्या सुमारास आले. मधली साठ वर्षे म्हणजे शेतकऱ्यांच्या दोन पिढ्या, आणि मराठवाड्यातील जमिनीच्या मालकीचा इतिहास लिहिताना हे अंतर विसरून चालत नाही.

१ एप्रिल १९५१ पासून हैदराबाद राज्याला भारताची दिवाणी प्रक्रिया संहिता लागू झाली. तिच्या आदेश २१ मध्ये लिलावाची सारी रीत आहे. हुकूमनामा मिळालेला धनको दरखास्त दाखल करतो, मिळकत जप्त होते, जाहीरनामा निघतो, दवंडी पिटली जाते आणि बोली लागते. त्यानंतर दोन्ही बाजूंच्या मुदती सुरू होतात.

खरेदीदाराची मुदत कडक आहे. सर्वांत वरची बोली लागताच त्याने २५ टक्के रक्कम भरायची आणि उरलेली पंधराव्या दिवशी कोर्ट बंद होण्याआधी. रक्कम चुकली तर फेरलिलाव होतो आणि आधी भरलेली रक्कमही जप्त होऊ शकते. १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे नियम बंधनकारक ठरवले. पैसे वेळेत न आल्यास ती विक्री विक्रीच नव्हे, आणि मुदत वाढवण्याचा अधिकार कोर्टालाही नाही. ही सक्ती योग्यच म्हणावी लागेल, कारण नुसत्या तोंडी बोलीवर एखाद्या कुटुंबाचे शेत अडकून पडता कामा नये.

ऋणकोला शेवटची एक संधी असते. अर्ज करून जाहीरनाम्यातील देणे आणि खरेदीदारासाठी बोलीच्या ५ टक्के रक्कम कोर्टात भरली की लिलाव रद्द होतो. इथे मात्र कायद्यानेच मोठा घोळ घातला. १९७६ च्या दुरुस्तीने अर्जाची मुदत ३० वरून ६० दिवसांवर नेली, पण रक्कम भरण्याचे ३० दिवस संहितेत तसेच राहिले. म्हणजे एकतिसाव्या दिवशी अर्ज वेळेत होता, पैसे मात्र उशिरा. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ३० दिवसांचाच अर्थ लावला. २००१ मध्ये घटनापीठाने तो फिरवला आणि २००२ च्या दुरुस्तीने रकमेलाही ६० दिवस स्पष्टपणे मिळाले. तोवर पाव शतक लोटले होते. या काळात केवळ पैसे उशिरा भरल्यामुळे ज्यांची जमीन गेली, त्यांच्यावर अन्याय झाला, असेच म्हणावे लागते.

दुसरा मार्ग लिलावातील गंभीर अनियमितता किंवा फसवणूक दाखवण्याचा. त्यासाठी खरे नुकसान झाल्याचेही सिद्ध करावे लागते. जाहीरनामा गावात लागलाच नाही, किंमत फार कमी दाखवली, अशा तक्रारी यात येतात. थोडा भाग विकून देणे फिटत असेल, तर सगळी जमीन काढायची नाही, असाही नियम आहे. हे पाहणे कोर्टाचे कर्तव्य आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये बजावले. हरकतींवर निर्णय होऊन विक्री कायम झाली, की खरेदीदाराला दाखला मिळतो.

या भागातील पक्षकारांना अंतराचीही झळ बसे. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेनंतर उच्च न्यायालयातील प्रकरणांसाठी मुंबई गाठावी लागे. औरंगाबादला न्यायालयाचे कामकाज २७ ऑगस्ट १९८१ रोजी सुरू झाले आणि तिथे कायम खंडपीठ १९८४ मध्ये आले.

सहकारी संस्थांच्या थकबाकीचा रस्ता निराळा आहे. १९६० च्या सहकार कायद्याखाली वसुली दाखला मिळतो आणि १९६१ च्या नियमावलीतील नियम १०७ प्रमाणे वसुली अधिकारी लिलाव करतो. तिथे खरेदीदाराला आधी १५ टक्के आणि उरलेली रक्कम पंधरा दिवसांत भरावी लागते. ऋणकोला तीस दिवसांत पैसे भरून विक्री मोडता येते, म्हणजे दिवाणी कोर्टापेक्षा निम्मा वेळ. २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने इथलीही खरेदीदाराची मुदत बंधनकारक ठरवली.

कोर्टाचा खटाटोप टाळून थेट खरेदीखत लिहून घेणाऱ्या सावकारांसाठी २०१४ चा सावकारी नियमन कायदा आहे. सावकारीच्या ओघात बळकावलेली स्थावर मिळकत, व्यवहार मागील पंधरा वर्षांतला असल्यास, चौकशीअंती मूळ मालकाला परत देण्याचा आदेश जिल्हा उपनिबंधक देऊ शकतात.