अ‍ॅशली नदीकाठचा मका

लंडन, १६६९चा उन्हाळा. तीन वर्षांपूर्वीच्या आगीत जळालेलं शहर अजून उभं राहतंय. चुन्याची धूळ स्ट्रँड रस्त्यापर्यंत उडत येते. तुम्ही कारकून आहात, अक्षर बरं आहे, म्हणून एक्सेटर हाउसमध्ये नकला उतरवायला तुम्हाला बोलावलंय.

वाडा लॉर्ड अ‍ॅशलीचा. गेल्या वर्षी त्याच्या यकृतातलं गळू फोडलं आणि निचरा व्हावा म्हणून पोटात चांदीची नळी बसवली. ती अजून तशीच आहे. ज्याच्या देखरेखीखाली हे शस्त्रकर्म झालं, तो सडपातळ, दम्याने बेजार माणूस आता तुमच्यासमोर कागदांचा गठ्ठा ठेवतो. जॉन लॉक, वय छत्तीस. अ‍ॅशलीचा वैद्य तोच, आणि कॅरोलायनाच्या कारभाराची लिखापढी पाहणाराही तोच.

अमेरिकेतला हा मुलूख राजा दुसऱ्या चार्ल्सने १६६३ साली आठ सरदारांना बहाल केला. अ‍ॅशली त्यांतला एक. राजाचा हात सैल. मुंबई बेटही त्याने गेल्याच वर्षी सालीना दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या पदरात टाकलंय.

तुम्ही कॅरोलायनाची मूलभूत घटना उतरवू लागता. सात माणसांचं जमलं की त्यांनी आपला स्वतंत्र पंथ काढावा. ज्यूंनाही जागा आहे. तिथले मूळ रहिवासी मूर्तिपूजक आहेत एवढ्यावरून त्यांना हुसकावण्याचा हक्क आपल्याला पोहोचत नाही. त्या काळच्या इंग्लंडमध्ये, जिथे वेगळी प्रार्थना केली म्हणून माणसं तुरुंगात जातायत, हे वाचून तुमचा हात क्षणभर थबकतो. पुढच्या पानांवर जमिनीला जखडलेली कुळं येतात. त्यांची पोरंही कुळंच राहणार. शेवटाकडे आणखी एक कलम आहे: गुलामाला हवा तो पंथ धरता येईल, पण त्यामुळे त्याची सुटका होणार नाही, प्रत्येक स्वतंत्र माणसाची आपल्या निग्रो गुलामांवर पूर्ण सत्ता राहील. तुम्ही तेही उतरवता, कारण कारकुनाला कोण विचारतो? मजकूर किती लॉकचा आणि किती मालकांचा, यावर विद्वान पुढे भांडत बसतील. काही अक्षर मात्र त्याचंच आहे.

आता जहाजावर चढा. ऑगस्टमध्ये तीन जहाजं कॅरोलायनाकडे निघतायत. अट मोहात पाडणारी आहे: स्वतंत्र माणूस वेळेत पोहोचला की त्याला दीडशे एकर, आणि आणलेल्या प्रत्येक धडधाकट नोकरामागे आणखी दीडशे. माणूस नेला की जमीन मिळते, असा हा हिशेब. आयर्लंडच्या किन्सेल बंदरात नोकर भरती करायला थांबता, तर कुणी यायला तयार नाही. बार्बाडोसला वादळात एक जहाज फुटतं.

१६७०च्या वसंतात तुम्ही पोहोचता ते कियावा लोकांच्या मुलखात. त्यांचाच प्रमुख तुम्हाला ही जागा दाखवतो. नदीला अ‍ॅशलीचं नाव मिळतं, शेजारच्या नदीला त्याचं आडनाव, कूपर. लाकडी कूस उभी राहते, पण पेरलेलं नीट येत नाही आणि लंडनहून रसद वेळेवर येत नाही. उन्हाळ्यात शिधा मोजून मिळू लागतो. मग कियावा मका घेऊन येतात. तुम्ही एक कणीस सोलता. आतले दाणे घट्ट, टपोरे. हे रानात आपोआप उगवलेलं नाही, कुणीतरी जमीन साफ करून, निवडलेलं बी लावून, पाखरं हाकलून पिकवलंय. त्याच्यावर तुमची वसाहत जगते. त्याच वर्षी गव्हर्नर सेलच्या घरी आफ्रिकी गुलामही येऊन पोहोचतात. पुढे याच वसाहतीतून हजारो मूळ रहिवाशांना गुलाम म्हणून कॅरिबियन बेटांवर विकलं जाईल.

बारा वर्षं पुढे जा. १६८२च्या उन्हाळ्यात लॉक कॅरोलायनाची तीच घटना पुन्हा दुरुस्त करतोय. राज्यव्यवस्थेवरच्या त्याच्या दुसऱ्या निबंधातलं मालमत्तेवरचं प्रसिद्ध प्रकरण याच सुमारास लिहून झालं, असं इतिहासकार डेव्हिड आर्मिटेज मांडतो. त्याचा युक्तिवाद साधा आहे: जमीन सगळ्यांची, जो तिच्यात आपले कष्ट मिसळतो, त्याची ती होते. अमेरिकेतली जमीन मात्र त्याला पडीक दिसते, आणि तिथला राजा इंग्लंडच्या रोजंदारी मजुरापेक्षा गरीब. तुम्हाला मका आठवतो. प्रकरणात त्याचा पत्ता नाही. उलट एक उदाहरण असं आहे की माझ्या नोकराने खणलेली माती माझी. कष्ट कुणाचे आणि जमीन कुणाच्या नावावर, हे इतक्या सहजपणे सांगून मोकळं होणं मला तरी भोळेपणाचं वाटत नाही.

१६८३ साली लॉकवरच परागंदा व्हायची वेळ येते. राजाविरुद्धच्या कटाचा संशय, म्हणून तो हॉलंडला पळतो. अ‍ॅमस्टरडॅममध्ये तो डॉक्टर फान डर लिंडेन या नावाने लपून राहतो. एका अर्थी तो आता निर्वासित आहे.

१६८९च्या अखेरीस लंडनच्या पुस्तकवाल्याकडे राज्यव्यवस्थेवरचे त्याचे दोन निबंध एकत्र छापून येतात. लेखकाचं नाव नाही. तुम्ही पहिलंच पान उघडता. सुरुवात गुलामगिरीच्या निषेधाने होते: इतकी हीन अवस्था कुणी इंग्रज समर्थनीय कशी मानेल! गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनीत याच लेखकाने एकेकाळी ६०० पौंड गुंतवले होते, हे दुकानदाराला माहीत नाही. तुम्ही ते सांगत बसत नाही, किंमत विचारता.

१६९३ साली लॉक परदेशातून येणाऱ्या सगळ्यांना इंग्लंडचं नागरिकत्व द्यावं, असं टिपण लिहितो: माणसं येऊ द्या, माणसांतच देशाचं बळ आहे. १६९६पासून तो व्यापार मंडळावर असतो, वर्षाला हजार पौंड पगार. वसाहतींचे अर्ज, तक्रारी, गव्हर्नरांना द्यायच्या सूचना त्याच्यापुढे येतात. कियावांचा अर्ज त्यात नाही. तो दाखल करायचा कुठल्या कचेरीत, हे लंडनमध्ये कुणी ठरवलेलंच नाही.